लेसर ऑपरेशननंतर डोळे सांभाळताना: पहिल्या रात्रीपासून पुढच्या सणांपर्यंत

माझ्या धाकट्या भावाचं लॅसिक, म्हणजे चष्म्याचा नंबर घालवणारं लेसर ऑपरेशन झालं, त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी तो गॅलरीत उभा राहून समोरच्या इमारतीच्या टाकीवरची अक्षरं वाचत होता. उणे साडेपाच नंबर आणि अकरा वर्षांचा चष्मा एका रात्रीत गेला होता. आनंदाच्या भरात त्याचे दोन्ही तळवे डोळ्यांकडे गेले. झोपेतून उठल्यावर आपण सगळेच डोळे चोळतो, तसेच. आईने धावत येऊन त्याचे हात धरले. त्या क्षणी त्याचा फ्लॅप, म्हणजे ऑपरेशनमध्ये उलटून परत ठेवलेला डोळ्याचा पातळ पापुद्रा सरकला असता, तर टेबलवर पुन्हा झोपावं लागलं असतं.

दोन वर्षांनी माझं पीआरके झालं, नंबर घालवायचीच दुसरी लेसर पद्धत. माझ्या बाबतीत उलटं घडलं. पहिले चार दिवस दिसत नव्हतं, डोळे दुखत होते आणि मी घाबरून गेले होते. दोघांच्या अनुभवातून एक गोष्ट मनात पक्की बसली. नजर येणं आणि जखम भरणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि त्यांचा वेग सारखा नसतो. लॅसिकमध्ये नजर आधी येते, जखम मागून भरते. त्यामुळे काळजी किती घ्यायची हे किती स्पष्ट दिसतंय यावरून ठरवू नका, किती दिवस झाले यावरून ठरवा. पुढचं सगळं त्याच हिशोबाने लिहिलं आहे. तुमच्या डॉक्टरांनी काही वेगळं सांगितलं असेल, तर त्यांचंच ऐका. तुमचा डोळा त्यांनी आतून पाहिलेला आहे.

आधी समजून घ्या, डोळ्यात नेमकं काय झालंय

बुबुळावर जी पारदर्शक काच असते, ती म्हणजे कॉर्निया. मध्यभागी तिची जाडी साधारण 540 मायक्रॉन, म्हणजे जेमतेम अर्धा मिलिमीटर. लॅसिकमध्ये वरचा 100 ते 120 मायक्रॉनचा पातळ पापुद्रा कापून, पुस्तकाचं पान उलटावं तसा बाजूला करतात. हाच फ्लॅप. खालच्या थराला एक्सायमर लेसरने नवा आकार देतात आणि पान परत जागेवर ठेवतात. 6 मिलिमीटर रुंदीच्या भागात एक नंबर कमी करायला साधारण 12 मायक्रॉन थर काढावा लागतो. टाका एकही नसतो. कडेची त्वचा एका दिवसात सांधली जाते, पण आतला जोड पूर्वीइतका घट्ट कधीच होत नाही. ऑपरेशनला काही वर्षं झाल्यावरही डोळ्याला जोराचा मार लागून फ्लॅप सरकल्याची उदाहरणं वैद्यकीय नोंदींत आहेत.

पीआरकेमध्ये फ्लॅप नसतो. कॉर्नियावरची सगळ्यात वरची त्वचा काढतात, लेसर मारतात आणि नवी त्वचा यावी म्हणून वर मलमपट्टीसारखी एक मऊ लेन्स बसवतात. दुखणं जास्त, बरं व्हायला वेळ जास्त, पण नंतर सरकेल असं काही मागे राहत नाही. स्माइल या तिसऱ्या पद्धतीत फ्लॅपऐवजी दोन ते चार मिलिमीटरची बारीक चीर असते आणि तिच्यातून आतला पातळ तुकडा बाहेर काढतात.

ऑपरेशनच्या वेळी जळका वास आला म्हणून खूप जण धास्तावतात. हा लेसर डोळा भाजत नाही. 193 नॅनोमीटरचा अतिनील किरण रेणूंमधले बंध तोडतो, आजूबाजूचा भाग तापत नाही. हा गुण 1981 मध्ये अमेरिकेत आयबीएमच्या प्रयोगशाळेत रंगस्वामी श्रीनिवासन आणि त्यांच्या दोन सहकाऱ्यांच्या लक्षात आला. श्रीनिवासन मद्रास विद्यापीठात शिकलेले. आज आपण चष्मा काढून ठेवू शकतो, त्यात त्यांचा वाटा फार मोठा आहे.

तुमचं नेमकं कोणतं ऑपरेशन झालं, हे कागदावर लिहून घ्या. पुढचे बरेच नियम त्यावर ठरतात.

ऑपरेशनच्या आदल्या दिवशी घर तयार करा

हे काम नंतर होत नाही, कारण डोळे उघडे ठेवणंच जड जातं. उशीचा अभ्रा आणि टॉवेल धुतलेले काढून ठेवा. थेंबांच्या बाटल्या आधीच आणा आणि प्रत्येक बाटलीवर मोठ्या अक्षरात नाव आणि वेळ लिहिलेली पट्टी चिकटवा. सगळ्या बाटल्या सारख्याच दिसतात आणि पहिल्या दिवशी बारीक छापील अक्षर वाचता येत नाही. मोबाइलमध्ये गजर लावा. बेडवर येणारा पंखा किंवा एसीचा झोत वळवा. पाळण्यातलं बाळ असेल, तर आठवडाभर त्याला कोण उचलून घेणार हे ठरवा. लहान बाळाचं नख डोळ्याला लागायला वेळ लागत नाही.

डोळ्यांवर लावायची प्लास्टिकची जाळीदार झाकणं हॉस्पिटलमधून मिळतात. ती चिकटवायची पट्टी मात्र बहुतेक दोन रात्रींत संपते. मेडिकलमधून कागदी चिकटपट्टीचं एक रोल आणून ठेवा.

पहिले सहा तास आणि पहिली रात्र

सोबत कुणीतरी हवंच. स्वतः गाडी चालवत घरी यायचं नाही, रिक्षाही एकट्याने नको. डोळा बधिर करणाऱ्या थेंबांचा परिणाम उतरला की चार-सहा तास डोळे चुरचुरतात, पाणी वाहतं, डोळ्यात वाळू गेल्यासारखं खुपतं. लॅसिक आणि स्माइलमध्ये हे अपेक्षितच असतं. या वेळेवर सगळ्यात चांगला उपाय म्हणजे झोप. डॉक्टरांनी दिलेली गोळी घ्या, झाकणं लावा आणि पडून राहा. पाणी आलं तर गालावर आलेलं स्वच्छ टिश्यूने टिपा, डोळ्याला हात लावू नका.

झाकणं किमान आठवडाभर रात्री लावायची, दुपारी डुलकी घेतलीत तरी लावायची. जागेपणी आपण स्वतःला आवरतो, झोपेत हात आपल्या ताब्यात नसतो. पालथं झोपायची सवय असेल, तर दोन्ही बाजूंना उशा लावून उताणं झोपा. भावाने पहिल्या चार रात्री तसंच केलं.

सकाळी आरशात बुबुळाभोवती लाल डाग दिसला तर घाबरू नका. डोळा धरून ठेवणाऱ्या चकतीच्या दाबाने बारीक रक्तवाहिनी फुटलेली असते. दोन-तीन आठवड्यांत डाग आपोआप विरतो आणि नजरेवर त्याचा परिणाम होत नाही. दुसऱ्या दिवशीची तपासणी मात्र कितीही छान दिसत असलं तरी चुकवायची नाही. फ्लॅपला सुरकुती पडली असेल किंवा खाली सूज येत असेल, तर ती मशीनखाली आधी दिसते, तुम्हाला उशिरा जाणवते.

थेंब घालणं हीच खरी रोजची कसरत

इथे मी जरा थांबणार आहे, कारण सगळ्यात जास्त चुका इथेच होतात.

साधारण तीन प्रकारचे थेंब असतात. जंतुसंसर्ग होऊ नये म्हणून प्रतिजैविकाचे, ते बहुतेक आठवडाभर. सूज उतरवण्यासाठी स्टेरॉइडचे, ते हळूहळू कमी करत जायचे असतात. आणि कृत्रिम अश्रू, ते कित्येक महिने. नेमके किती वेळा, हे तुमच्या चिठ्ठीवर असतं.

पद्धत अशी. साबणाने हात धुवा आणि पूर्ण कोरडे करा, ओल्या बोटांवरचं नळाचं पाणी डोळ्यात जायला नको. बाटलीतलं औषध दुधासारखं पांढरं असेल, तर हलवून घ्या. डोकं मागे टेका. खालची पापणी गालाच्या हाडावरून हलकेच खाली ओढा, म्हणजे आत छोटीशी खोबण तयार होते. त्या खोबणीत एक थेंब टाका. बुबुळावर नेम धरायची गरज नाही. बाटलीचं टोक पापणीला किंवा पापणीच्या केसांना लागू देऊ नका. थेंब पडला की डोळा मिटा, पण घट्ट आवळू नका. डॉक्टरांनी हरकत नाही म्हटलं, तर नाकाजवळचा कोपरा मिनिटभर हलके दाबून धरा, म्हणजे औषध घशात उतरत नाही. दुसऱ्या बाटलीचा थेंब पाच मिनिटांनी. लगेच घातला तर पहिला थेंब वाहून जातो आणि एकाचाही उपयोग होत नाही.

स्वतःला जमत नसेल, तर घरातल्या कुणाला तरी शिकवून ठेवा. आमच्याकडे बाबांनी ते काम घेतलं होतं. स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर प्रत्येक थेंबापुढे ते बरोबरची खूण करायचे.

स्टेरॉइडच्या थेंबांबद्दल माझी स्वतःची चूक सांगते. बाटली संपली, तपासणीला आठवडा होता आणि डोळ्यांना तर बरं वाटत होतं. मी मेडिकलमध्ये रिकामी बाटली दाखवली, त्यांनी न विचारता नवी दिली आणि चिठ्ठीपेक्षा दोन आठवडे जास्त ते थेंब मी पूर्ण मात्रेत घालत राहिले. तपासणीत डोळ्यातला दाब वाढलेला निघाला. थेंब बदलल्यावर तो उतरला. पण स्टेरॉइडने वाढलेला दाब दुखत नाही, दिसत नाही, आणि तसाच राहिला तर काचबिंदू होऊन नजर कायमची जाऊ शकते. म्हणून स्टेरॉइड स्वतःच्या मनाने वाढवू नका, आणि बरं वाटतंय म्हणून मध्येच बंदही करू नका.

दुखतंय म्हणून डोळा बधिर करणारे थेंब कुणी आणून दिले तर घेऊ नका. तपासणीच्या खुर्चीवर डॉक्टर ते घालतात ते वेगळं. घरी वारंवार घातले तर नवी त्वचा येत नाही आणि कॉर्निया विरघळायला लागतो. गुलाबपाणी, मध, तूप, बाळंतिणीचं दूध, काजळ, घरचं अंजन यांतलं काहीही डोळ्यात जाता कामा नये. सांगणाऱ्या मावशी-आजी प्रेमानेच सांगतात. त्यांना नीट समजावून सांगा, की तिथे उघडी जखम आहे.

पाणी, धूर आणि फोडणी

पहिला आठवडा अंघोळ मानेखालून. डोकं धुवायचं असेल, तर सलूनमध्ये असतं तसं मान मागे टाकून दुसऱ्या कुणाकडून धुवून घ्या. चेहरा ओल्या स्वच्छ कापडाने डोळ्यांच्या बाजूबाजूने पुसा. नळाच्या पाण्यात डोळ्याला घातक ठरणारे सूक्ष्मजीव असू शकतात. एरवी आपला कॉर्निया त्यांना आत येऊ देत नाही, सध्या मात्र दार उघडं आहे. पोहणं किमान महिनाभर बंद. विहिरीत, नदीत, धरणात पोहणाऱ्यांनी डॉक्टरांना तसं स्पष्ट सांगून जास्तीची मुदत विचारून घ्यावी.

स्वयंपाकघरात फोडणीचा ठसका, मिरची भाजणं, कांदा चिरणं हे पहिला आठवडा दुसऱ्या कुणाकडे द्या. त्याने डोळ्याला इजा होते असं नाही, पण डोळा झोंबला की हात आपोआप वर जातो, आणि त्या हातावर तिखट असतं. चुलीवर स्वयंपाक असेल, तर धुरापासून लांबच राहा. सर्दी झाली म्हणून वाफ घेणंही या दिवसांत टाळा.

काजळ, आयलायनर, मस्कारा दोन आठवडे नको. नंतर वापराल तेव्हा नवीन आणा. जुन्या काजळाच्या डबीत जंतू साठलेले असतात.

पीआरके झालं असेल तर

पहिले तीन दिवस कठीण जातात, हे आधीच मान्य करा. मला उजेड सहन होत नव्हता, खिडक्यांना जाड पडदे लावले होते आणि दिवसभर रेडिओ चालू होता. डॉक्टरांनी दिलेल्या वेदनाशामक गोळ्या दुखेपर्यंत थांबून घेऊ नका, वेळेवर घ्या. डोळ्यावर बसवलेली लेन्स साधारण चार-पाच दिवसांनी डॉक्टरच काढतात. ती मधेच निसटून गालावर आली, तर परत बसवायचा प्रयत्न करू नका, फोन करा.

चौथ्या-पाचव्या दिवशी नजर आधीपेक्षा धूसर होऊ शकते. सगळीकडून येणारी नवी त्वचा मध्यभागी एकमेकींना भेटते आणि तिथे काही दिवस उंचवटा राहतो, म्हणून असं होतं. मला हे कुणी आधी सांगितलं नव्हतं आणि ऑपरेशन फसलं असं वाटून मी एक अख्खी रात्र रडून काढली. पुढे रोज थोडं थोडं साफ होत गेलं. गाडी चालवण्याइतकं बरं दिसायला मला तीन आठवडे लागले, बारीक अक्षर स्थिर व्हायला तीन महिने. ऑफिसची रजा त्या हिशोबाने मागा. लॅसिकवाल्या मित्राच्या दोन दिवसांच्या रजेशी तुलना करू नका.

पीआरकेनंतर उन्हाचं विशेष जपायचं. अतिनील किरणांनी कॉर्नियावर पांढुरकी झाक येण्याचा धोका वाढतो. अतिनील किरण शंभर टक्के अडवणारा, बाजूनेही झाकणारा गॉगल सहा महिने तरी बाहेर पडताना लावाच. रस्त्यावर मिळणारे नुसते काळ्या काचेचे गॉगल उलट घातक आहेत. अंधारामुळे बाहुली मोठी होते आणि किरण अडत तर नाहीतच.

घराबाहेर: दुचाकी, धूळ आणि सण

दुचाकी कधी चालवायची हे तपासणीत विचारून घ्या. परवानगी मिळाल्यावरही पहिला महिना साधा बिननंबरी चष्मा आणि वर हेल्मेटची काच खाली, असं दोन्ही हवं. लोकलच्या दारात उभं राहून वारा खाणं बंद. रात्री दिव्यांभोवती कडी दिसतात, समोरून येणाऱ्या गाडीचा उजेड फाकतो. काही आठवड्यांत हे बरंच कमी होतं. तोवर महामार्गावर रात्री गाडी हातात घेऊ नका.

ऑपरेशनची तारीख ठरवताना कॅलेंडर पाहा असं मी आवर्जून सांगते. होळी-रंगपंचमीचे रंग, गणपतीच्या मिरवणुकीतला गुलाल, जेजुरीचा भंडारा, दिवाळीच्या फटाक्यांचा धूर यांच्या आधीचा महिनाभर तारीख घेऊ नका. गावची जत्रा असेल आणि जाणं भागच असेल, तर गर्दीपासून लांब, चष्मा लावून उभे राहा. पावसाळ्यात डोळ्यांची साथ येते. 2023 च्या जुलै-ऑगस्टमध्ये ती महाराष्ट्रभर पसरली होती. घरात कुणाचे डोळे आले असतील, तर तुमचा टॉवेल, उशी आणि थेंब वेगळे ठेवा आणि त्या माणसाची सेवा काही दिवस दुसऱ्या कुणाकडे सोपवा.

हलका व्यायाम आठवड्याने सुरू करता येतो, पण कपाळावर पट्टा बांधा, घाम डोळ्यात उतरायला नको. कबड्डी, कुस्ती, बॉक्सिंग खेळणाऱ्यांनी ऑपरेशनच्या आधीच तसं सांगायला हवं. त्यांना बहुधा फ्लॅप नसलेली पद्धत सुचवली जाते. लॅसिक आधीच झालेलं असेल, तर खेळताना संरक्षक चष्मा कायमचा लावावा लागेल.

कोरडेपणा आणि स्क्रीन

कॉर्नियातल्या बारीक नसा कापल्या गेल्यामुळे डोळा कोरडा पडलाय ही खबर मेंदूला नीट पोचत नाही आणि पाणी कमी सुटतं. या नसा परत वाढायला सहा महिने ते वर्ष लागतं. संध्याकाळी नजर मंदावली, पापणी मिचकावल्यावर साफ झाली, तर समजा कोरडेपणा आहे. कृत्रिम अश्रू खुपायला लागण्याची वाट न पाहता ठरल्या वेळी घाला. दिवसातून बऱ्याचदा लागत असतील, तर टिकवणारं रसायन नसलेले थेंब मागून घ्या.

स्क्रीनने जखम बिघडत नाही, पण स्क्रीनकडे पाहताना पापण्या फार कमी मिटतात. दर 20 मिनिटांनी 20 फुटांवरच्या वस्तूकडे 20 सेकंद पाहा आणि तेवढ्यात पापण्या पूर्ण मिटून उघडा. मी मॉनिटरच्या खाली एक चिठ्ठी लावली होती, तिच्यावर एकच शब्द होता, ‘मिटा’.

या गोष्टी दिसल्या तर त्याच दिवशी फोन

कमी होत आलेलं दुखणं पुन्हा वाढलं. काल स्पष्ट होतं ते आज धुरकट झालं. लाली वाढत चालली, उजेड सहन होईना, चिकट किंवा पिवळी घाण यायला लागली. डोळ्याला कशाचाही मार लागला, मग दिसत व्यवस्थित असलं तरी. फ्लॅपखालची सूज बहुधा पहिल्या पाच दिवसांत येते आणि वेळेत पकडली तर औषधाने आटोक्यात येते. सरकलेला फ्लॅप काही तासांत जागेवर बसवला, तर सुरकुत्या टाळता येतात. सकाळपर्यंत बघू, रविवार आहे, डॉक्टरांना कशाला त्रास, असले विचार बाजूला ठेवा. डिस्चार्ज घेतानाच रात्रीचा नंबर मागून घ्या आणि घरातल्या दोघांच्या मोबाइलमध्ये टाका.

फाइल टाकू नका

आठवड्याने, महिन्याने, तीन महिन्यांनी अशा तपासण्या असतात. त्या संपल्यावरही वर्षातून एकदा डोळ्याच्या आतला, मागचा पडदा तपासून घ्या. मोठा उणे नंबर असलेला डोळा लांबट असतो आणि लेसरने त्याची लांबी बदलत नाही. त्यामुळे पडदा फाटण्याचा किंवा सुटण्याचा धोका पूर्वीइतकाच राहतो. अचानक काळे ठिपके वाढले, वीज चमकल्यासारखं दिसलं किंवा एका बाजूने काळी सावली सरकत आल्यासारखं वाटलं, तर त्याच दिवशी डोळ्यांच्या डॉक्टरांकडे जा. आणि चाळिशी वेळ झाली की लागणारच, जवळचं वाचायला.

ऑपरेशनआधीच्या मोजण्या, म्हणजे जुना नंबर, कॉर्नियाची वक्रता आणि जाडी, यांचे कागद आयुष्यभर लागतात. साठीला मोतिबिंदू झाला, की आत बसवायच्या भिंगाचा नंबर काढताना हेच आकडे कामाला येतात, कारण लेसर झालेल्या डोळ्यावर नेहमीचं गणित चुकतं. काचबिंदूसाठी डोळ्यातला दाब मोजतानाही पातळ झालेल्या कॉर्नियामुळे आकडा खरा असतो त्यापेक्षा कमी दाखवतो, म्हणून कुठल्याही नव्या डॉक्टरांना लेसर झाल्याचं आधी सांगा. कागदांचे फोटो काढून मेलवर ठेवा, कारण हॉस्पिटलं बंद होतात, जागा बदलतात. आमच्या दोघांच्या फाइली आईच्या कपाटात दागिन्यांच्या कप्प्याशेजारी आहेत. वर तिच्याच अक्षरात लिहिलंय, ‘मुलांचे डोळे. रद्दीत देऊ नये.’